भिंतीवरचा मी

यंदा थंडी मंगळवारी आली. सोमवारपर्यंत पिंपळे गुरवात घरोघरी पंखे फिरत होते, आणि मंगळवारी सकाळी मी दूध आणायला खाली उतरलो तर सोसायटीचा वॉचमन कानाला मफलर गुंडाळून, दोन्ही तळव्यांत चहाचा ग्लास धरून उभा. "आली बरं का आबा," तो म्हणाला. "आली," मी म्हणालो, आणि आम्ही दोघंही उगाचच खूश झालो, जणू थंडी आम्हीच कुठूनतरी बोलावून आणली होती.

आबा हे माझं नाव नव्हे. एका मालिकेत मी या नावाचा माणूस होतो. तो माणूस मरून बरीच वर्षं झाली, मालिका बंद पडली, पण नाव मला चिकटून राहिलं. खरं नाव आता सोसायटीच्या मेंटेनन्सच्या पावतीवर तेवढं उरलंय.

दुधाची पिशवी घेऊन वर येताना वारा गालाला लागला आणि मला एकदम स्पंज आठवला. मेकअपचा. सकाळी सहाला, गार पाण्यात बुडवून पिळलेला आणि झोपेतल्या गालावर थापलेला. तो स्पंज, त्यामागून येणारा पावडरचा गोडसर वास, आणि पत्र्याच्या शेडमध्ये आमच्या तोंडातून निघणाऱ्या वाफा. चाकणजवळच्या निघोज्याचा तो हिवाळा. दरवर्षी थंडी आली की तो आधी माझ्या गालावर येऊन बसतो, मग डोक्यात शिरतो.

तर मी चरित्र अभिनेता. म्हणजे ज्याचा चेहरा सगळ्यांना ओळखीचा वाटतो आणि नाव कुणालाच आठवत नाही असा माणूस. बँकेतली बाई माझ्याकडे टक लावून बघते आणि विचारते, "तुम्ही पूर्वी भोसरीत आमच्या मावशीच्या शेजारी राहायचा का?" मी हो म्हणतो. कशाला तिचा आनंद घालवा? तीसेक वर्षं मी पिंपरीतल्या एका कंपनीत प्रेस शॉपला होतो. सुरुवात झाली ती कामगारांच्या नाट्यस्पर्धांतून. मग सुट्ट्या टाकून सिनेमे, मग व्हीआरएस घेऊन मालिका. हवालदार झालो, सरपंच झालो, मुलीचा बाप तर इतक्यांदा झालो, की डोक्यावरची पगडी कुणाच्या पायावर ठेवायची वेळ आली की हात आपोआप वर जातो. एकदा डॉक्टर होतो. स्टेथोस्कोप कानात न घालताच मी पेशंटची छाती तपासली आणि गंभीर चेहऱ्यानं म्हणालो, "ठोके मंद आहेत." कुणाच्या लक्षात आलं नाही. ते तसंच पडद्यावर गेलं. पेशंट वाचला, हे माझं नशीब.

निघोज्याला जायचं म्हणजे पहाटे स्कूटर काढायची. भोसरी, मोशी, आणि पुढे इंद्रायणीचा पूल ओलांडला की थंडी स्वेटरची परवानगी न घेता आत यायची. रस्त्यावर कंपन्यांच्या बसेस. आत पिवळा उजेड, खिडकीला डोकं टेकून झोपलेली माणसं, एकेकाच्या तोंडाजवळ काचेवर वाफेचा गोल. चाकणच्या मार्केटला निघालेले कांद्याचे ट्रक. त्यांच्या मागे राहिलं तर डोळ्यांतून पाणी. पुढे गेलं तर पाठीमागून हॉर्न. दोन शेडच्या मधल्या तुकड्यात कुणीतरी अजून हरभरा पेरलेला असायचा, आणि त्यावरचं दव कंपनीच्या हॅलोजनमध्ये चमकायचं. तिथल्याच एका बंद पडलेल्या गोदामात आमची मालिका उभी होती. प्लायवूडचं घर, प्लायवूडची ओसरी, अंगणात खरी तुळस. बाहेर थंडी, आत मालिकेत वैशाख. मलमलचा सदरा घालून कपाळावर पाण्याचे थेंब मारून घ्यायचे आणि म्हणायचं, "काय उकाडा आहे रे!" दात वाजत असताना हे वाक्य म्हणून बघा एकदा.

त्या वैशाखात माझं मरण ठरलं. दिग्दर्शक पोरगा माझ्या मुलाच्या वयाचा होता. तो खुर्ची ओढून बसला, माझा हात हातात घेतला आणि म्हणाला, "काका, तुमच्या जाण्यानं मालिकेला खूप उठाव येणार आहे." इतक्या प्रेमानं मला कुणी कधी मारलं नव्हतं.

मरण्याचं मला काही वाटलं नाही. मी आधी पाच-सहा वेळा मेलेलो होतो. एकदा पोलिसांच्या गोळीनं, एकदा विहिरीत पडून. विहिरीतला मृत्यू तर आईनं टीव्हीवर बघितला आणि ती पोट धरून हसली होती. "पोहाया येतंय की रे तुला!" अडचण मरणाची नव्हती. अडचण भिंतीची होती.

ते सांगायला हवं. आम्ही मूळचे लातूरकडचे. वडील कंपनीत लागले म्हणून इकडे आलो. माझा थोरला भाऊ दत्ता, इथं आल्यावर दोन-तीन वर्षांतच तापानं गेला. अजून मिसरूड फुटत होतं. त्याचा फोटो आईनं भिंतीला लावला, हार घातला, आणि त्या दिवसापासून घरात तिचा एक नियम चालू झाला: जितं माणूस भिंतीला टांगायचं नाही. लग्नाचे फोटो, नातवंडांचे फोटो, सगळे शोकेसमध्ये, काचेमागे, टेकून उभे. भिंतीवर फक्त दत्ता, आणि पुढे वडील. कॅलेंडरवर एखाद्या पुढाऱ्याचा हसरा फोटो असला तर ती ते कॅलेंडरसुद्धा दाराच्या मागे लावायला सांगते. "लेकराबाळांचा बाप असंल," म्हणते. तिला नाटक कळतं, सिनेमा कळतो, खोटं रक्त कळतं. पण खिळा, फ्रेम आणि हार या तीन गोष्टी एकत्र आल्या की तिच्यासाठी ते खोटं राहत नाही. आणि मालिकेत बाप मेला की दुसऱ्या दिवशी तो भिंतीवर जातो. हारासकट. आईनं ते बघता कामा नये, एवढंच मी मनाशी ठरवलं होतं.

आणि मग मीच ती गोष्ट करून बसलो.

सेटवरच्या वस्तूंचा कारभार जालिंदरकडे होता. निघोज्याचाच माणूस, तांब्यापासून तिरडीपर्यंत काहीही अर्ध्या तासात हजर करायचा. तो म्हणाला, "आबा, तुमचा योक झ्याक फोटो लागंल. फ्रेमचा."

"मोबाईलमधला मोठा करून घे ना."

माझा मोबाईल घेऊन तो अंगठ्यानं सरकवत बसला. "ह्यात तुमी हवालदार हाय. ह्यात सरपंच. ह्यो कोन?"

"भिकारी. तो रोल कापला नंतर."

"आन् ह्यो?"

"तो नवरीचा बाप."

जालिंदरनं पुष्कळ सरकवलं. मग मोबाईल माझ्या हातात देत म्हणाला, "समदी हायती की ह्यात. तुमी कुटं हाय?"

घरी जाताना मोशीच्या सिग्नलला मी स्वतः शोधलं. खरंच नव्हतो. शेकडो फोटोंत मिशा होत्या, टोप्या होत्या, जखमा होत्या, आणि मी म्हणून जो कोणी असेल तो नव्हता. तसा फोटो जगात एकच होता: आईच्या शोकेसमध्ये. कंपनीतल्या नोकरीची पंचवीस वर्षं झाली तेव्हा चिंचवडच्या स्टुडिओत काढलेला. उसना टाय, तेल लावून बसवलेले केस, आणि फोटोग्राफरनं "हसा" म्हटल्यावर अर्धवट निघालेलं हसू. आईचा अत्यंत आवडता. "ह्यात तू तूच दिसतूस," ती म्हणायची.

दुसऱ्या दिवशी पहाटे मी तो टॉवेलात गुंडाळला आणि स्कूटरच्या डिकीत घातला.

संध्याकाळी परत आलो तर आई शोकेससमोर उभी. धुळीत फ्रेमच्या पायाचा चौकोन उमटलेला होता. "काय रे, फोटो कुठं हाय तुझा?"

"लॅमिनेशनला दिलाय आई."

"काचंच्या फ्रेमीला?"

"नवीन निघालंय तसं."

आयुष्यभर खोटं बोलण्याचा पगार घेतलेला मी. पण हे वाक्य इतकं वाईट पडलं, की स्वयंपाकघरात मंदाच्या हातून उलथनं खाली पडलं. मंदा म्हणजे माझी बायको. माझी सगळ्यात कडक प्रेक्षक. आई झोपल्यावर ती म्हणाली, "अहो, स्टुडिओत जाऊन नवा फोटो काढायचा ना! कोट-टाय घालून."

खरं सांगतो, हे मला सुचलंच नव्हतं.

"आता परत मागून आणा."

"शूट झालंय त्याच्यावर. आता तोच लागणार. कंटिन्युटी असते."

"आणि आईंना दिसलं म्हणजे?"

"टीव्ही बिघडला म्हणू."

"किती दिवस?"

"तेराव्यापर्यंत," मी म्हणालो. ती हसली नाही.

माझा मृत्यू शूट झाला तो फोटोनंतर, आणि तो फार सुंदर झाला असता. अंगणात पांढऱ्या चादरीवर निजवलं, नाकात कापूस घातला. फरशी बर्फासारखी. पहिल्या टेकला मी थडथड उडत होतो. दुसऱ्या टेकला माझ्या तोंडातून वाफ निघाली. "काका, श्वास धरा!" दिग्दर्शक ओरडला. तिसऱ्या टेकला सगळं जमून आलं. माझी पडद्यावरची बायको खऱ्याखुऱ्या हुंदक्यांनी रडत होती, सून छाती बडवत होती, कॅमेरा हळूहळू माझ्या चेहऱ्यावर येत होता. आणि शेजारच्या कंपनीचा जेवणाचा भोंगा झाला.

मी उठून बसलो.

मी काही ठरवून उठलो नाही. ते पाठीच्या कण्यानं केलं. तीस वर्षं त्या आवाजाला हात थांबवून डबा काढलेला माणूस; तो मेला तरी काय फरक पडतो? नाकात कापूस घेऊन मी चप्पल शोधायला लागलो. पडद्यावरच्या बायकोनं जी किंकाळी फोडली ती तिच्या कारकिर्दीतली सर्वोत्तम होती, पण कॅमेऱ्यात मीही बसलेला असल्यामुळे वापरता आली नाही. दिग्दर्शक जवळ आला, वाकला आणि अगदी हळू आवाजात म्हणाला, "काका, तुम्ही गेलायत."

हे लिहिताना आत्ता आईनं आतून विचारलं, "काय लिव्हलालास रे सकाळधरनं?" लाईट बिलाचं म्हटलं. ती आता नव्वदीला टेकलीय. लाईट बिल एवढा वेळ घेत नाही हे तिला कळतं, आणि ती पुढे विचारत नाही हे मला कळतं. थंडीत तिचा आवाज जरा जाड होतो.

टीव्हीची वायर मी स्वतः मागून उपटून ठेवली होती. ज्या दिवशी माझ्या मरणाचा भाग लागायचा होता, त्याच्या आदल्या संध्याकाळी तळेगावात मावसभावाच्या मुलीचं लग्न होतं. हिवाळी लग्न: मंडपात जिलबीचा वास, बायकांच्या शालूंवर स्वेटर, वऱ्हाडी शेकोटीभोवती. आई खुशीत होती. तिनं नवरीच्या हातातला चुडा बघितला, पंगतीत मला शेजारी बसवलं. तेवढ्यात समोरून एक बाई आल्या. ओळख ना पाळख, थेट माझ्यापुढे हात जोडले.

"आबा, तुम्ही जाऊ नका हो! जाहिरात बघून आमच्या सासूबाई जेवल्या नाहीत दोन दिवस. तो फोटो, तो हार... बघवत नाही!"

मग आईकडे वळून म्हणाल्या, "तुम्ही कोण यांच्या?"

"आई," आई म्हणाली.

त्या बाईंनी जोडलेले हात खाली घेतले. त्या जिलबी घेऊन निघून गेल्या.

परतीच्या रिक्षात आई मध्ये, मी आणि मंदा दोन्ही बाजूंना. सोमाटणे फाटा मागे पडला.

"शोकेसमधला का?" आईनं विचारलं.

"हो."

"खिळा ठोकून?"

"हो."

"आन् हार."

"प्लास्टिकचा आहे आई," मी म्हणालो. जगात याहून मूर्ख उत्तर असेल तर मला माहीत नाही. मंदानं आईच्या पाठीमागून मला चिमटा काढला. आई रडली नाही, रागावली नाही. तिनं पदर कानावरून ओढून घेतला आणि देहूरोड येईपर्यंत बाहेर बघत राहिली. दत्ता गेल्यानंतर ती अशीच गप्प झाली होती, असं वडील सांगायचे. मला त्या रिक्षात पहिल्यांदाच खरी थंडी वाजली.

सकाळी उठलो तर ती आंघोळ करून, नऊवारी नेसून, पायात मोजे घालून दारात बसलेली. "चल. कुठं हाय ते तुझं निघोजं?"

सेटवर त्या दिवशी दहाव्याचा प्रसंग होता. जालिंदरनं आईला प्लास्टिकची खुर्ची दिली, शाल दिली, चहा दिला. समोर भिंतीवर मी. उसन्या टायमधला, अर्धवट हसणारा. हाराखाली माझी हनुवटी झाकली गेली होती. आईनं एकदा बघितलं आणि मान खाली घातली.

"आजी, फोटो काडता यायचा न्हाई," जालिंदर तिच्याशेजारी उकिडवा बसून समजावत होता. "काल दिसला, आज न्हाई, तर लोकं इचारत्यात. म्हैनाभर तरी ऱ्हाईल बगा."

शूटिंग सुरू झालं. पडद्यावरची बायको फोटोपुढे उभी राहून रडली. कट. तिनं डोळे पुसले, मोबाईल बघितला, कुणाला तरी विचारलं, "डबा आला का?" पुन्हा रडली. कट. पुन्हा. आई आता मान वर करून बघत होती. प्रत्येक कटला त्या बाईचा चेहरा कसा मोकळा होतो, ते ती इतक्या बारकाईनं बघत होती, की मला तिच्याकडे बघवेना. तिला कुणी कट म्हटलं नव्हतं.

मग तिनं दिग्दर्शकाला हाक मारली. "लेकरा, इकडं ये."

तो आला. आईपुढे तोही उकिडवा बसला.

"हे तुमचं काम किती वाजंपर्यंत असतंय?"

"रात्री नऊपर्यंत, आजी."

"मग?"

"मग पॅकअप. सगळे घरी जातात."

"ही बाई घरी जाती?"

"हो."

"ते दिवे?"

"बंद करतो ना."

"मग ह्यानं का म्हनून रातभर टांगून ऱ्हायाचं?" आई म्हणाली. "काम हाय तवर ऱ्हाऊ दे. तुमचं पोट हाय त्याच्यावर, त्याचं बी हाय. पर सुट्टी झाली की उतरवायचा. हार काढायचा. जमिनीवर नाही, कशावर तरी टेकवून ठिवायचा. सकाळी घाला परत."

कुणी हसलं नाही. त्या शेडमध्ये बहुतेक सगळे शिफ्टवाल्यांच्या घरातले. सुट्टी म्हणजे काय, हे कुणाला समजावून सांगायची गरज नव्हती. दिग्दर्शकानं जालिंदरकडे बघितलं.

"व्हय आजी," जालिंदर म्हणाला. "उतरवतो की. रोज उतरवतो."

"मला कळंल कसं?"

जालिंदरनं डोकं खाजवलं. "मी फोटो काडून धाडतो फोटोचा. आबांच्या मोबाईलवर."

घरी येऊन मी वायर जोडली. त्या संध्याकाळपासून आईनं माझं मरण एखाद्या शेजारणीसारखं बघितलं. सून खरं रडते का, बायकोनं मंगळसूत्र कधी काढलं, सगळं. भिंतीवर मी दिसलो की ती जरा दुसरीकडे बघायची, पण उठून जायची नाही. जेवायची मात्र नाही. नऊ वाजले की माझ्याकडे वळायची: "जालिंदरचा आला का?" आणि मोबाईल वाजायचा. कधी मी चहाच्या थर्मासला टेकलेला, कधी मेकअपच्या आरशाला, एकदा तर कांद्याच्या पोत्याला. हाराशिवाय, हनुवटीसकट. ती मोबाईल लांब धरून बघायची, मान हलवायची आणि ताट ओढायची.

एकदा फोटो आला नाही. सव्वानऊ झाले, साडेनऊ झाले. मी जालिंदरला फोन लावला, लागेना. मंदानं भाकरी झाकून ठेवली. आई मोबाईलसमोर बसून होती, हात मांडीवर.

"आई, जेव ना," मी म्हणालो. "पॅकअपला उशीर झाला असेल."

तिनं मोबाईल जरा जवळ ओढला.

"अगं, मी समोर बसलोय ना तुझ्या! जिवंत. हा बघ."

तिनं माझ्याकडे बघितलं, वरपासून खालपर्यंत. "तू गप," ती म्हणाली. "तुझं काय खरं? तू कुणाचा बी बाप होतूस, कुणाचा बी हवालदार होतूस. त्या फोटोत तू हायस."

एरवी मला बोलायला लिहून देतात.

मोबाईल वाजला. जालिंदरचा आवाज, धापा टाकत. "आबा, चार्जिंग सपलं व्हतं. चाकण चौकात ट्रॅफिकमदी हाय. फोटो मगाशीच उतरवलाय. आजीस्नी सांगा, आज खुर्चीवर बसवलाय, त्येंच्या. शाल बी घातलीया, गार हाय लई."

मी फोन आईच्या कानाला लावला. तिनं सगळं ऐकून घेतलं. मग फोन मला दिला, चष्मा काढला, आणि आत तोंड करून म्हणाली, "मंदे, उतरला गं. वाढ आता. ह्याला बी वाढ."